रान्नोसुकेची मान

मरणं हा उगाई तोकुजीचा धंदा होता. क्योटोजवळ उझुमासात तो स्टुडिओ, आणि स्टुडिओच्या मागच्या अंगाला बिननावाच्या नटांची मोठी खोली. तिथल्या विटक्या चटईवर बसून तो आपल्या मरणाची वाट बघायचा. हाक आली की उठायचं, केसांचा टोप चढवायचा, ओरडत नायकाच्या अंगावर धावून जायचं आणि पडायचं. त्याचं नाव पडद्यावर कधी आलं नाही. पण तो असा काही पडायचा, की थिएटरातली माणसं श्वास रोखून म्हणायची, काय तलवार आहे नायकाची! तलवार कसली, चंदेरी वर्ख चिकटवलेला बांबू तो. धार असायची ती मरणाऱ्याच्या अंगात.

आणि त्याला मारायचा कोण, तर बहुतेक वेळा शिओमी रान्नोसुके. त्या स्टुडिओचा देवच म्हणा ना. गावागावांत त्याची पोस्टरं, पोरी त्याच्या मोटारीवर फुलं टाकायच्या. तोकुजी त्याच्या तलवारीखाली पडायचा, धुळीत तोंड घालून निपचित राहायचा, आणि मेल्या डोळ्यांनी त्याच्या पायांकडे बघत मनात एकच गोष्ट घोळवायचा. कधीतरी या माणसाचं कपाळ धुळीला लागलेलं बघायचं. तेही उमेकिचीपुढे.

उमेकिची हा त्याचा धाकटा भाऊ. लढाई हरल्यावर अमेरिकन साहेबांनी तलवारीच्या चित्रपटांवर बंदी घातली होती. ती उठली त्या वर्षी त्याच्या बाबतीत घडलेली ही गोष्ट. मधल्या काळात मोठ्या खोलीतल्या माणसांनी काय काय विकलं नव्हतं? रताळी, साबण, बायकांचे लग्नातले किमोनो. तलवारी परत आल्या म्हणजे चुलीवर भात परत आला. उमेकिची तेव्हा नुकता मिसरूड फुटलेला, नाकीडोळी असा नीटस की कॅमेरावाल्यानंही त्याला हेरून ठेवलं होतं. एका प्रसंगात रान्नोसुकेनं त्याला मारायचं होतं, आणि ठरलेला वार होता वरून खाली, उजव्या खांद्यावर. तालमीत तोच घोटून घेतलेला. पण कॅमेरा सुरू झाला आणि रान्नोसुकेला लहर आली. त्यानं मनगट फिरवून आडवा हात टाकला. बांबूचं टोक पोराच्या डाव्या डोळ्यात गेलं.

"पोरगं चुकीच्या पावलावर आलं," रान्नोसुके म्हणाला. विषय संपला.

संपला तरी काम खोळंबलंच होतं, आणि त्याची माफी मागायला हवी होती. मागायची कुणी? उमेकिचीनं. रक्ताळलेली पट्टी बांधून तो रान्नोसुकेच्या खोलीत गुडघ्यांवर बसला. रान्नोसुके आरशात भुवया कोरत होता, आणि दारात सगळी मोठी खोली गोळा झालेली. पोराची मान काही वाकेना. तेव्हा तोकुजीनं पुढं होऊन त्याच्या मानेवर हात ठेवला आणि दाबून ते डोकं जमिनीला टेकवलं. धाकट्याकडून आगळीक झाली की थोरल्यानं त्याचं डोकं असं दाबायचं, ही रीतच आहे आपल्याकडं. पण इथं आगळीक कुठं होती? होती ती फक्त भात पुन्हा जाईल याची भीती.

एका डोळ्याचा नट कोणाला हवा? उमेकिची पुढं सार्वजनिक न्हाणीघरात बंब पेटवायच्या कामाला लागला. दोघे भाऊ एका खोलीत राहत. लाकडं महागली, मुळ्याचं लोणचं खारट झालं, असं सगळं बोलत. त्या दिवसाबद्दल मात्र अवाक्षर नाही.

तोकुजी तसा भाविक माणूस. वडील एचिझेनच्या बर्फाळ मुलखात गाऊन प्रवचन सांगणारे भिक्षू. तो रोज सकाळी घरच्या देव्हाऱ्यापुढं बसून अमिदा बुद्धाचं नाम घ्यायचा, आणि त्याच श्वासात रान्नोसुकेची मान मागायचा. असलं मागणं तिथं मागू नये, एवढं त्याला कळत होतं. पण माणूस मागणार कुणापाशी? ज्याच्यापुढं रोज बसतो त्याच्यापाशीच ना!

अशात एक दिवस दिग्दर्शक कुगा मोठ्या खोलीच्या दारात येऊन उभा राहिला.

"उगाई, तुझा बाप प्रवचनकार होता म्हणे?"

"होता साहेब. त्यांच्या गाण्याला म्हाताऱ्या बर्फ तुडवत यायच्या."

"मग आमच्या देवाला जरा गायला शिकव. पुढच्या चित्रपटात तो खुनशी सामुराईचा भिक्षू होतो आणि देवळात प्रवचन करतो. आमच्या लेखकानं तिथं नुसतं लिहून ठेवलंय, 'इथे प्रवचन'. आणि स्वतः बसलाय ओसाकाला ढोसत."

"गोष्ट कुठली सांगू?"

"रडवणारी. आपलंच जुनं पाप लोकांपुढं सांगतो आणि शेवटी माथा टेकतो. झालं."

"माथा टेकतो?"

"जमिनीला. का रे, तुमच्या एचिझेनात टेकत नाहीत?"

"टेकतात की," तोकुजी म्हणाला. त्याचा आवाज इतका मऊ झाला, की शेजारी सोंगट्या खेळणाऱ्या दोघांनी मान वर करून बघितलं.

गोष्ट त्यानं स्वतःच रचली. वडिलांची चाल घेतली आणि तीत आपलं विष भरलं. पहिल्या दिवशी रान्नोसुकेच्या बंगल्यावर गेला तेव्हा ती बरीच झाकलेली होती. एक सरदार, त्याचा ससाणा, ससाण्यानं चाकराचा डोळा फोडला. रान्नोसुके गादीवर लोळत ऐकत होता. तोकुजी त्याच्या चेहऱ्याकडं टक लावून बघत होता. आता चपापेल, मग चपापेल. छे! सुरकुतीसुद्धा हलली नाही.

"ससाणा नको," रान्नोसुके जांभई देत म्हणाला. "पक्षी सांभाळणं कटकटीचं. दुसरं काही बघ."

तोकुजीनं दुसरं बघितलं. ससाण्याच्या जागी बांबूची तलवार आणली. रान्नोसुकेनं ती गोष्ट दोन वेळा म्हटली आणि सूर चुकला म्हणून स्वतःवरच चिडला. मग तोकुजीनं डोळा डावा केला. मग पट्टी आणली. मग आरसा आणला, भुवया कोरणारा धनी आणला. दर शिकवणीला तो गोष्टीवरचं एकेक पांघरूण काढत गेला आणि रान्नोसुके गोष्ट पाठ करत गेला. शेवटी तर तोकुजीनं त्या दिवशीचे शब्दच त्याच्या तोंडी घातले.

"'पोरगं चुकीच्या पावलावर आलं,'" रान्नोसुकेनं म्हणून बघितलं आणि मांडीवर थाप मारली. "वा! हे वाक्य झकास आहे, उगाई. अगदी खरं वाटतं. असा हलकट माणूस असंच बोलेल. कुठून सुचतं रे तुला?"

"ऐकलं होतं कुणाच्या तरी तोंडून."

"तू आयुष्य नुसतं मरण्यात घालवलंस, लेका. लिहायला हवं होतंस." आणि खरंच त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. हाताच्या पाठीनं ते टिपत तो म्हणाला, "बिचारं पोरगं."

तोकुजी घरी परतला तो दातओठ खात. माणूस वैर विसरला असता तर चाललं असतं. हा तर वैर झालं होतं हेच विसरला होता! त्याच्या लेखी तो एक दिवस होता, कामाचा, जेवणाआधीचा. ज्या डोळ्यासाठी तोकुजी इतकी वर्षं डूख धरून बसला, त्या डोळ्यावर तो आज रडला, आणि रडला तोही सराव म्हणून!

त्या दिवशी भातावर चहा ओतताना त्यानं उमेकिचीपाशी विषय काढला.

"उमे, स्टुडिओत येतोस का? देवळात गर्दी हवीय."

"माझं थोबाड गर्दीतही चालत नाही, दादा. मागं एकदा बसलो होतो तर कॅमेऱ्याजवळचा एक पोऱ्या म्हणाला, ते काका डोळा मारतायत, त्यांना हलवा."

"पुढच्या रांगेत बसवतो तुला. अगदी मधोमध."

"का रे, एवढा मान?"

"रान्नोसुके माथा टेकणार आहे."

उमेकिचीनं मुळ्याची फोड तोंडात टाकली, सावकाश चावली. "कुणापुढं?"

"पुढं जो बसेल त्याच्यापुढं."

"त्याला ठाऊक आहे?"

तोकुजीनं आणखी थोडा चहा भातावर ओतला. उमेकिचीनं वाडगा खाली ठेवला. मग म्हणाला, "येतो. बंबापुढं भाजून घेण्यापेक्षा बरं."

शूटिंगच्या दिवशी कुगानं शेजारच्या खऱ्या देवळातल्या म्हाताऱ्या आणल्या होत्या. चेहरे खरे, कपडे खरे, वेगळं काही करायला नको. पहाटेपासून त्या सेटवरच्या खोट्या देवळात उशांवर बसल्या होत्या, आणि लाकडी अमिदाला खऱ्यासारखा नमस्कार करून बोरं, भाजलेली चेस्टनटं खात होत्या. मागच्या रांगांत शेतकऱ्यांचे कपडे घालून मोठी खोली बसली. पुढं मधोमध उमेकिची, डाव्या डोळ्यावरून पंचा बांधून.

कुगाचा मदतनीस म्हाताऱ्यांना समजावत होता. "हे बघा आज्यांनो, मी पांढरा रुमाल हलवला की सगळ्यांनी अमिदाचं नाम घ्यायचं, 'नामान्दाबु' म्हणायचं. बरं का?"

त्यातली सर्वांत म्हातारी सुए आजी, बोळकं झालेलं, पाठ वाकून जमिनीला समांतर. ती म्हणाली, "बाळा, नाम रुमालावर येतं होय रे?"

"आजी, सिनेमा आहे हा."

"असू दे की. प्रवचन चांगलं झालं तर येईल आपणहून. वाईट झालं तर तू धोतर हलवलंस तरी नाही यायचं."

हसू पिकलं. तेवढ्यात रान्नोसुके आला. डोकं भादरलेलं, अंगावर काळा झगा. चौथऱ्यावर बसला, पंखा हाती घेतला. तोकुजी कॅमेऱ्याला लागून गुडघ्यांवर बसला होता, रान्नोसुके शब्द चुकलाच तर पुरवायला. कुगाला तुकडे नको होते, सबंध प्रवचन एका दमात हवं होतं. घंटा वाजली.

आता खरं सांगायचं तर रान्नोसुके गायला छान. बोलता बोलता आवाज हळूच चालीवर चढवायचा आणि ऐकणाऱ्याला न कळत वर घेऊन जायचं, ही एचिझेनची करामत त्यानं उचलली होती. म्हाताऱ्यांच्या तोंडातली चेस्टनटं थांबली.

"हाती बांबूची तलवार, पुढं चाकर कोवळा,
लहर आली धन्याला, आणि विझला गं डोळा!"

मागच्या रांगेतला एक जण दुसऱ्याला कोपरानं ढोसू लागला. दुसऱ्यानं तिसऱ्याकडं बघितलं. मोठी खोली ताठ झाली. रान्नोसुके गातच होता. आरसा आला, भुवया आल्या, चुकीचं पाऊल आलं. ते वाक्य तर त्यानं असं टाकलं, की मागं कुणाच्या तरी घशातून आवाज फुटला.

"चूक ज्याची तो उभा, डोळा ज्याचा तो वाकला,
माथा मातीला लागला, कुणी कुणी न बोलला!"

न बोललेले ते सगळे तिथंच बसले होते, शेतकऱ्यांच्या कपड्यांत. त्यांच्या माना खाली गेल्या. आणि म्हाताऱ्यांतून ते आलं, रुमालाबिमालाशिवाय, आधी एक आवाज, मग दहा, मग सगळ्या देवळाचा एकच. नामान्दाबु, नामान्दाबु, नामान्दाबु. मदतनीस रुमाल हातात धरून तसाच उभा.

"तो धनी मीच," रान्नोसुके म्हणाला, चौथऱ्यावरून उतरला, पुढच्या रांगेसमोर बसला आणि त्यानं कपाळ फळ्यांवर टेकवलं. उमेकिचीच्या गुडघ्यांपासून हातभर अंतरावर.

तोकुजीनं डोळे भरून बघून घेतलं. मिळालं! इतक्या वर्षांची तहान, आणि घागरभर पाणी समोर. त्यानं ते तोंडाला लावलं, आणि त्याला चवच लागेना. ती मान किती सहज वाकली होती! जशी रोज कुठल्या ना कुठल्या वेषात वाकते, तशीच.

कुगा कॅमेरा थांबवण्यासाठी हात उचलणार, तेवढ्यात सुए आजी उठली. आमच्याकडं देवळात रीत आहे, प्रवचन संपलं की ज्याला जे अडलं ते त्यानं विचारायचं. मनात शंका घेऊन घरी जायचं नाही. म्हातारीला रंगात सिनेमाचा विसर पडला.

"महाराज, एक विचारू का?"

कुगानं उचललेला हात तसाच हवेत धरला. कॅमेरा चालू. रान्नोसुकेनं कपाळ वर केलं. कसलेला नट तो, डगमगला नाही. "विचारा, आजी."

"ते पोरगं आपणहून वाकलं का?"

"नाही, आजी. त्याला वाकवलं."

"कुणी वाकवलं? तुम्ही तर आरशात बघत होतात म्हणालात. मग तो हात कुणाचा?"

 पाठ केलेल्यात हे उत्तर नव्हतंच. रचणाऱ्यानं सगळी पांघरुणं काढली होती, एवढं एक सोडून. रान्नोसुकेनं सवयीनं तोकुजीकडं बघितलं, शब्द चुकलेला नट बघतो तसं. मागून सगळ्या मोठ्या खोलीनं बघितलं. आणि उमेकिचीनंही मान वळवली.

"थोरल्या भावाचा," तोकुजी म्हणाला.

"हां!" आजी खाली बसत म्हणाली. "मग अर्धीच सांगितलीत की गोष्ट."

"कट!" कुगाला हसू आवरेना. "आजी, हा सिनेमा आहे हो!"

"असेल बाबा. पण नाम घेतलं ते काय खोटं घेतलं?"

हसला तो एकटा कुगाच. रान्नोसुकेच्या ते ध्यानात आलं. लोकांची नजर ओळखण्यावर तर त्याचं पोट होतं. त्यानं एकेकाचा चेहरा बघितला, त्या नजरा जिथं जात होत्या तिथं आपली नजर नेली. उमेकिचीनं शांतपणे डोक्यावरचा पंचा सोडला आणि मांडीवर घडी घातला.

डोळ्याच्या त्या रिकाम्या खोबणीकडं रान्नोसुके बघत राहिला. "पोरगं चुकीच्या..." ओठ हलले आणि थांबले. मग अगदी हळू, "तू होतास तो?"

"उमेकिची माझं नाव," तो म्हणाला. "तेव्हा नाव विचारलं नव्हतं आपण."

कुगाला या कशाचा पत्ता नव्हता. तो त्या वर्षी दुसऱ्या स्टुडिओत होता. "चला, पुन्हा एकदा! शेवटचा भाग. आजी, या खेपेला गप्प बसायचं हं. काका, तुम्ही पंचा नका बांधू, असंच राहू द्या, फार छान दिसतंय."

नाही म्हणायचं तर कारण सांगावं लागलं असतं, आणि कारण सांगायला रान्नोसुकेची जीभ वळणार नव्हती. तो चौथऱ्यावर चढला. घंटा वाजली. "चूक ज्याची तो उभा," त्यानं सुरुवात केली. चाल तीच, सूर तोच. पण म्हाताऱ्या दगडासारख्या बसून राहिल्या. मदतनीसानं रुमाल हलवला, मग जोरानं हलवला. एक नाम उमटलं नाही.

"तो धनी... मीच." तो उतरला. उमेकिचीसमोर बसला. हात फळ्यांवर टेकले.

आणि मान वाकेना.

तोकुजीला जागेवरून त्याच्या मानेच्या शिरा दिसत होत्या. ताणलेल्या, घामानं चमकणाऱ्या. आता लागली चव! हे मागितलं होतं त्यानं रोज सकाळी, हेच. उमेकिचीची मान त्या दिवशी वाकत नव्हती, कारण चूक त्याची नव्हती. याची वाकत नव्हती, कारण चूक याचीच होती. बस, तसाच बस, तो मनात म्हणाला. सगळ्यांना बघू दे. तू देव ना? मग बस देव्हाऱ्यातल्या मूर्तीसारखा. त्यानं ते अगदी घोट घोट प्यायलं. पण पिता पिता त्याला आजीचं बोलणं आठवलं. अर्धीच गोष्ट. आपली मान तरी कुठं वाकली होती? आपण तर तेव्हाही दुसऱ्याचीच वाकवली, आणि आजही दुसऱ्याचीच वाकवायला बसलोय.

तो कॅमेऱ्याजवळून निघाला, गुडघ्यांवर सरकत चित्रातच शिरला, आणि भावापुढं त्यानं कपाळ फळ्यांना लावलं. "उमे," एवढंच तो म्हणाला.

"दादा," वरून उमेकिचीचा आवाज आला, शांत, "जरा बाजूला हो. मधे येतोयस. एकच डोळा आहे मला, नीट बघू दे."

तोकुजी कपाळ न उचलता बाजूला सरकला.

रान्नोसुके किती वेळ तसा बसला होता कोण जाणे. शेवटी तो उठला, झग्यात पाय अडकून धडपडला, सावरला, आणि कुणाकडंही न बघता खोट्या देवळाच्या खऱ्या दारातून बाहेर गेला. कुगा डोकं खाजवत म्हणाला, "पहिलाच घेऊ. आजीच्या आधी कापून." चित्रपटात तोच आला. लोक त्या नमस्कारावर रडले, असं म्हणतात. मोठी खोली मात्र तो चित्रपट बघायला गेली नाही. त्यांनी दुसरा बघितला होता.

दुपारी दोघे भाऊ फाटकाबाहेर पडले. तोकुजीला पुन्हा आत घेणार नाहीत हे दोघांनाही ठाऊक होतं. रान्नोसुकेच्या माणसानं तसा निरोप देऊनही टाकला होता.

"वाकला नाही तो," तोकुजी म्हणाला.

"पहिल्यांदा वाकला की."

"तेव्हा त्याला ठाऊक नव्हतं."

"आता ठाऊक झालं. उद्या आरशापुढं बसला की मी दिसेन त्याला. परवा पण. वाकला असता तर मोकळा झाला असता, दादा. मला फार वाईट वाटलं असतं."

 रस्त्यात एक म्हातारा कोबीची गाडी ओढत चालला होता, त्याला वाट दिली.

"आणि मी?" तोकुजीनं विचारलं. "मी तर वाकलो."

"म्हणून तू मोकळा झालास असं वाटतं तुला?"

"नाही."

"नाहीच झालास." उमेकिची हसला. मोठ्यानं, दात दाखवून. इतक्या वर्षांत तोकुजीनं त्याला तसं हसताना बघितलं नव्हतं. "तुझ्याकडून मी सावकाश वसूल करणार आहे. जन्मभर. रोज थोडं थोडं. आता आधी गरम सोबाच्या शेवया खाऊ घाल. आणि वाडग्यातला मासा माझा."

"दोन्ही वाडग्यांतला घे."

"तो तर मी घेणारच होतो."

कोपऱ्यावरच्या सोबावाल्याच्या पातेल्यातून वाफ निघत होती. उमेकिची न विचारता पुढं झाला आणि बाकाच्या उबदार टोकाला जाऊन बसला.